पुसणीचं नाव

पुसणीवाले फाटकाशी आले तेव्हा लेक बाबांकडून तीच गोष्ट तिसऱ्यांदा म्हणून घेत होती.

बाबा वैतागले होते. चाळीस वर्षं छापखान्यात मुद्रितं तपासली, लोकांच्या चुका काढल्या, आणि आता घरात बसून पाठांतर! पण करतात काय? पुसणी घरावर उतरली होती.

मंगळवारी सकाळी अकराला, लख्ख उन्हात. ओल्या फडक्याने पाटी पुसावी तसा आभाळाचा एक पट्टा पांढरा होत होत थेट त्यांच्या छपराला टेकला. ती कुठल्या ताऱ्यापासून निघते यावर विद्वानांचं अजून भांडण चालू आहे, चालू दे. घराघरात एवढंच माहीत होतं की ती टेकते तिथलं एक मन संपलेलं असतं. माणूस जेवतो, हसतो, हिंडतो. आतल्या गोष्टी मात्र गेलेल्या असतात.

मग तीन दिवसांत पुसणीवाले येत. आधी घरच्यांनी प्रत्येकाच्या आयुष्यातली एकेक गोष्ट कागदावर लिहून द्यायची. मग वडीलधाऱ्यापासून सुरुवात करून ज्याची त्याने आपली गोष्ट सांगायची. जो अडला त्याला टेकडीवरच्या घरात नेत. तिथे भेटायला सोडत नसत आणि तिथून कोणी परत आलं नव्हतं. एका पुसणीला एकच नाव. ते सापडलं की बाकीच्यांना कोणी विचारत नसे.

घरात माणसं तीनच. लेक शिवणकाम करायची, पन्नास गिऱ्हाइकांची मापं तोंडपाठ. आई हसतमुख, हिंडतीफिरती. राहिले बाबा.

सहा महिने त्यांचं काही खरं नव्हतं. चष्मा पिठाच्या डब्यात सापडायचा. गॅस तसाच चालू. एकदा तर पाण्याचा नळ रात्रभर वाहिला. विचारलं की बाबा पटकन म्हणायचे, माझंच डोकं ठिकाणावर नाही. शिवाय आई काही बोलायला लागली की मध्येच तोंड घालून तिचं वाक्य आपणच पुरं करायचे. ही खोड तर नवीनच.

लेकीचा जीव टांगणीला लागला होता. तिने कागदावर मुद्दाम सोपी गोष्ट लिहून दिली होती. आई तरुणपणी छापखान्यात भांडायला आली होती, जाहिरातीत तिचं आडनाव चुकलं म्हणून. बाबांनी माफी मागितली आणि पुढच्या अंकात पुन्हा चुकवलं. तिसऱ्यांदाही. शेवटी आईच म्हणाली, आता तुमचंच आडनाव छापा, ते तरी बरोबर येईल. ही गोष्ट विसरायची म्हणजे कमालच.

पुसणीवाले घामाघूम होऊन आत आले. पन्नाशीचा साधा माणूस, बगलेत फाईल. आईने अगत्याने पाणी दिलं. "अहो, बसा ना," त्यांनाही म्हणाली.

फाईल उघडत त्यांनी बाबांकडे बोट केलं आणि आईला विचारलं, "हे तुमचे कोण?"

आई हसली. "अहो, सांगा ना तुम्हीच," ती बाबांना म्हणाली.

"अजून लाजते," बाबा म्हणाले. पुसणीवालेही हसले. लेकीला जरा हायसं वाटलं. आईने जन्मात कधी नवऱ्याचं नाव घेतलं नव्हतं.

मग त्यांनी बाबांना विचारलं, "तुमची आणि बाईंची पहिली भेट कुठे झाली?"

बाबांनी आईकडे पाहिलं, बराच वेळ. लेक मनातल्या मनात त्यांच्यासाठी पहिलं वाक्य म्हणत होती.

"आठवत नाही," बाबा म्हणाले.

"छापखान्यात काही घडलं होतं?"

"आमच्या छापखान्यात बायका यायच्याच नाहीत. आणि मी एकही चूक सोडली नाही कधी."

लेक मध्ये पडली. आत्ता दहा मिनिटांपूर्वी त्यांनी घडाघडा म्हणून दाखवलं होतं, घाबरलेत बिचारे, पुन्हा विचारा, असं तिने हात जोडून सांगितलं. पुसणीवाल्यांनी मान हलवली. कागद पडताळला, नाव लिहिलं, सही केली. आवाज खाली आणून म्हणाले की गाडीत बसतो, दहा मिनिटांत त्यांना घेऊन या.

ते बाहेर पडताच लेकीचा बांध फुटला. "बाबा, तुम्हाला पाठ होती. का केलंत असं?"

बाबांनी आधीच भरलेली पिशवी पलंगाखालून ओढली. "हळू बोल," ते म्हणाले. "तिला या घरातला चुलीपासून मोरीपर्यंतचा रस्ता सापडतो अजून. दुसरीकडे कुठे सापडायचा नाही. तिला सोडून कुठे जाऊ नकोस."

लेकीला काही उमगेना. ती रडत राहिली.

आई दारापर्यंत आली. बाबांच्या हातातली पिशवी तिने नीट केली, त्यांच्या सदऱ्याचं वरचं बटण लावलं आणि पाहुण्यांना निरोप देताना हसायची तशी हसली.

"अहो, आलात, बरं वाटलं," ती बाबांना म्हणाली. "पण निघा आता. तुमची बायको वाट बघत असेल."