बिनजोडाची लाईन

"या टाकीतून एक थेंब बाहेर आला ना शेठ, तर मी पाना फेकून देईन आणि कविता करत बसेन!" प्लंबर म्हणाला.

शेठनी डावा पाय उचलून बघितला. मोजा ओला होता.

शेठ तीन मजली हॉटेल बांधत होते. तिथल्या सगळ्या नळांचं काम कुणाला द्यायचं ते आज ठरणार होतं, म्हणून बूट जिन्यात काढून ते प्लंबरच्या गच्चीवर नमुना बघायला आले होते. नमुना म्हणजे विटांची चौकोनी टाकी, आत रबराचं अस्तर, आणि त्यात प्लंबरच्या सासूबाईंचं कमळ. सकाळीच पहिलं फूल उमललं होतं. गुलाबी, चांगलं ताटलीएवढं.

प्लंबर खाली बसला. एकेक जोड चाचपला. सगळे ठणठणीत कोरडे. मग कोपऱ्यात त्याला ते दिसलं. दोन विटांच्या फटीतून एक पांढरं टोक बाहेर डोकावत होतं, तासलेल्या पेन्सिलीसारखं. त्याच्या कडेने पाणी ठिबकत होतं.

"कमळाचा कंद आहे तो," सासूबाई म्हणाल्या. "घसा फोडून सांगत होते, जावईबापू, गोल टोपात लावा, टोक मधे वळवून लावा. तो नाकासमोर चालतो."

"लाईन भिंतीच्या कडेनेच टाकतात, आई."

"तुमची लाईन! याला कोण सांगणार?"

"अस्तर किती जाड होतं?" शेठनी विचारलं. नजर जिन्याकडे.

"दोन मिलिमीटर," प्लंबर पडेल आवाजात म्हणाला. मग त्याने त्या टोकाला नख लावून बघितलं. टोक मऊ होतं. काकडीसारखं मऊ. त्याचा चेहराच बदलला. "च्यायला! परवा साध्या प्लास्टरमध्ये माझं ड्रिलचं पातं मोडलं, आणि हा पठ्ठ्या रबरातून आरपार? आई, इथे अंगठा दाबून धरा."

सासूबाईंनी अंगठा दाबला. प्लंबरने बाही वर सारून हात कोपरापर्यंत चिखलात घातला आणि कंदाचा माग काढत टाकीभोवती फिरला. गिऱ्हाईक बघतंय याचं त्याला भानच राहिलं नाही.

"तीन महिन्यांत चार हात गेलाय! आणि प्रत्येक गाठीवर एक पान वर काढलंय." त्याने एक पिवळं पडलेलं पान पाण्यालगत कापलं आणि देठाचं तोंड शेठच्या नाकासमोर धरलं. आत गोल गोल भोकं होती, मोठी, बारकी, नीट मांडलेली. "बघा! पाईपच पाईप! कोवळं पान वर हवा घेतं, ती देठातून खाली चिखलात कंदापर्यंत जाते, आणि जुन्या पानातून परत बाहेर. मोटर नाही, कॉक नाही, वायसर नाही. एवढ्या अंधारात अख्खी लाईन टाकली, शेठ, आणि वळणाला एक एल्बो वापरला नाही!"

त्याने वाकून कापलेल्या देठाच्या पाण्यात उरलेल्या खुंटाला तोंड लावलं आणि फुंकर मारली. हातभर लांबच्या पानावर मधोमध पाण्याचा एक टपोरा थेंब बसला होता. खालून हवा येऊन तो गुडगुडला.

"परत!" शेठ म्हणाले.

परत गुडगुडला.

"वीस वर्षं पाईप जोडतोय," प्लंबर तोंड पुसत म्हणाला, "पण असं काम मला जमलेलं नाही."

"आज पहिल्यांदा खरं बोललात," सासूबाई म्हणाल्या. "हात मोकळा असता तर टाळी दिली असती."

शेठ हसले. "आजवर सहा प्लंबर बघितले. सहाही जणांचं गळत नव्हतं, म्हणे. निदान तुम्हाला चांगलं काम बघून कळतं तरी. काम तुमचं. आत्ता सही करतो. पण आधी जरा सरका, मलाही एकदा फुंकू द्या."

शेठ ओल्या मोज्यांनिशी गुडघ्यांवर बसले, काठावरून पाण्यापर्यंत वाकले, खुंट ओठांत धरला, आणि उभा जन्म हॉटेलातली थंडगार सरबतं नळीने पिण्यात गेल्यामुळे फुंकायच्या ऐवजी जोरात ओढलं.