चार मिनिटांचं गाढव

आजीच्या सूपचा प्रसंग कात्रीतून वाचला, तर ओदील ब्रेसाकचं नाव पडद्यावर दोनदा येणार होतं. संकलक म्हणून बावीस वर्षं येतच होतं. लेखिका म्हणून पहिल्यांदा. अख्ख्या सिनेमात तिच्या हातचा प्रसंग हा एकच. मेलेल्या नवऱ्याशी भांडत भांडत म्हातारी दोघांच्याही वाटणीचं सूप पिऊन टाकते.

अडचण निर्माते व्हालाद यांची होती. कुठलाही सिनेमा पाहून झाला, की ते चार मिनिटं कमी करायला लावत. सवयच होती त्यांना. या सिनेमातलं लग्नाचं गाणंही चार मिनिटांचंच होतं. पण ते गायलं होतं त्यांच्या बायकोनं, मादाम व्हालादनी. बियाँकूरच्या सगळ्या स्टुडिओत त्याला हात लावायची कोणाची छाती नव्हती.

म्हणून ओदीलनं टाकाऊ रिळांतून एक गाढव शोधलं आणि सिनेमाच्या मधोमध चिकटवलं. नुसतं चरत होतं.

"बाई, हे कशाला?" मदतनीस युगेतनं विचारलं.

"कापायला. निर्मात्याला कापायला काहीतरी लागतं गं. त्याशिवाय सिनेमा आपला वाटत नाही त्यांना."

गुरुवारी जेवण उरकून व्हालाद आले. त्यांच्या डाव्या अंगठ्यावर आडवा पांढरा वण होता. कोणी विचारलं, तर कालवं उघडताना सुरी लागली म्हणायचे.

सूपच्या वेळी ते खळखळून हसले. गाण्याला त्यांनी डोळे मिटून घेतले; तल्लीन झाले असावेत. गाढव आलं तसे खुर्चीत पुढे सरकले.

दिवे लागले. "गाढव उडवा."

"अरेरे! फार जीव होता हो माझा त्याच्यात."

"दिसलंच. किती भरतं?"

"चार मिनिटं."

"बरोब्बर चार?" व्हालादनी अंगठा दिव्याखाली धरला. "मादाम ब्रेसाक, हा वण कालवांचा नव्हे, फिल्म कापायच्या पात्याचा. सोळा वर्षं तुमच्यासारख्याच खुर्चीत बसलोय. मी बदकं घालायचो. गाढव तुमचं तुम्ही घेऊन जा. माझी चार मिनिटं अजून बाकी आहेत."

ओदीलचा हात आपोआप सूपच्या रिळाच्या डब्यावर गेला.

"ते राहू द्या. झकास लिहिलंय. गाणं काढा."

युगेतच्या हातातली कात्री खाली पडली.

"पण मादाम व्हालाद..." ओदील पुटपुटली.

"तिची गाणी कापणारं माणूस मी बारा वर्षं शोधतोय." त्यांनी टोपी चढवली. "आता घरी जाऊन सांगतो, की ब्रेसाकबाईंनी स्वतः लिहिलेलं ठेवलं आणि तुझं गाणं कापलं. उद्या अकराला ती इथे येईल. तेवढ्या कात्र्या लपवून ठेवा."