चौथ्या दिवसाचा मुक्काम

"चौथ्या दिवशी तू मला कुठं नेते आहेस?" धाकटीनं नकाशावर बोट ठेवून विचारलं.

थोरली पेन्सिलीला टोक करत राहिली. भर दुपारी जेवणाच्या टेबलावर नकाशा पसरला होता आणि त्याचे चारी कोपरे वाट्यांनी दाबले होते. पाच दिवसांची सहल. सोमवारी विमानतळावर भाड्याची गाडी घ्यायची आणि आर्क्टिकच्या किनाऱ्यानं पूर्वेकडे जात राहायचं. वाटेत समुद्राखालचा बोगदा, मग एक फेरीबोट, मग एकशेचाळीस किलोमीटर पेट्रोलपंप नाही. मे महिना असला तरी बर्फावर पकड धरणारे टायर, खिळ्यांचेच, मागायचे. रेनडिअर रस्त्यात ठाण मांडून बसतात, हॉर्नला भीक घालत नाहीत. गाडी धाकटी चालवणार होती. तिची ड्रायव्हिंग स्कूल होती. लोकांना ब्रेक कुठं असतो हे सांगण्यात तिची अठरा वर्षं गेली होती. थोरली जहाजं बांधायच्या यार्डात वेल्डर. सहलीची कल्पना तिचीच. "शेंड्या गेला तो समुद्र एकदा बघून येऊ," एवढंच ती म्हणाली होती.

शेंड्या त्यांचा भाऊ. घरातलं शेंडेफळ, म्हणून शेंड्या. सहा वर्षांपूर्वी तो तिकडच्या एका मासेमारी बोटीवर कामाला होता. वादळात जाळं खडकाला अडकलं, बोट एका अंगाला कलली, आणि बोटीच्या प्रमुखानं, मूळच्या मराठी तांडेलानं, कुऱ्हाडीनं दोर तोडला. बोट सरळ झाली. पाच जण वाचले. दोराच्या दुसऱ्या टोकाला, जाळ्यात अडकलेला शेंड्या होता. बोट तांडेलाची, हुकूम तांडेलाचा. तरी चौकशीत तो निर्दोष सुटला.

"इथं लॉज नाही, पंप नाही," धाकटी म्हणाली. "मोठा रस्ता सोडून तीस किलोमीटर आत. आहे काय तिथं?"

"समुद्र."

"समुद्र पाचही दिवस डाव्या हातालाच आहे, ताई."

धाकटी उठली. सोफ्यावर थोरलीची बॅग अर्धी भरून पडली होती. स्वेटरांच्या खाली, टॉवेलात गुंडाळलेलं काहीतरी जड तिच्या हाताला लागलं. दोन किलोचा हातोडा. तिनं तो टेबलावर आणून ठेवला.

"हा कशाला?"

"चाक बदलायला लागेल."

"चाक बदलायला हातोडा लागत नाही. हे तू मला शिकवतेस?"

थोरलीनं पेन्सिल खाली ठेवली. "तांडेल तिथं राहतो. बोट विकून सुखात बसलाय."

"आणि मी काय करायचं? गाडी चालू ठेवून दारात थांबायचं?"

"तू गाडीतून उतरूच नकोस."

धाकटीनं तिच्या थोबाडीत मारली. थोरलीनं तिचे केस मुठीत धरले आणि डोकं टेबलाच्या कडेवर आपटलं. वाट्या उडाल्या. धाकटीचा ओठ फाटला, तोंडात रक्ताची खारट चव आली. तिनं बहिणीच्या मनगटात दात रोवले आणि हाडाला लागेपर्यंत सोडले नाहीत. दोघी कपाटावर आदळल्या, काच फुटली, थोरलीच्या पाठीत घुसली. धाकटीनं स्वतःला सोडवलं आणि नकाशा फाडायला डावा हात टाकला. त्याच वेळी थोरलीनं हातोडा उचलला. नेम नकाशावर होता की हातावर, हे तिलाही सांगता आलं नसतं. हातोडा खाली आला. लाकूड फुटल्याचा आवाज झाला आणि त्याच्या पोटात आणखी एक, बारीक, ओला आवाज.

धाकटीची दोन बोटं चेचली होती. ती किंचाळली नाही, तिचा आवाजच फुटेना. थोरलीचा चेहरा पांढराफटक पडला, पण हातोडा मुठीतून सुटला नाही.

नकाशाच्या समासात थोरलीनं पत्ता लिहिला होता, त्याखाली फोन नंबर. धाकटीनं उजव्या हातानं फोन ओढला, नंबर लावला आणि स्पीकर चालू केला.

"बोला," घोगरा आवाज आला.

"तुम्ही तांडेल ना?"

"होतो."

"मी शेंड्याची बहीण. गुरुवारी घरी थांबू नका. माझी ताई हातोडा घेऊन तुम्हाला ठार मारायला येतेय."

मग तो म्हणाला, "वेल्डिंग करते ती?"

थोरली दचकली.

"शेंड्या सांगायचा. तिनं जोडलेलं तुटत नाही म्हणायचा. येऊ द्या त्यांना. फाट्यानंतर पूल लागतो, तिथं वारा गाडी ढकलतो. हळू घ्या म्हणावं. मी पुलाच्या अलीकडे येऊन उभा राहतो. फक्त घरी नको. घरात माझी आई आहे. तिला दिसत नाही, पण ऐकू सगळं येतं."

थोरलीनं टेबलावरच्या बोटांकडे पाहिलं. तो बारीक, ओला आवाज तिच्या कानातून अजून गेला नव्हता. हातोडा फरशीवर पडला. तिनं बहिणीच्या हातातून फोन घेतला.

"या गुरुवारी जमणार नाही," ती म्हणाली. "हिची बोटं मोडलीत. मी मोडलीत. ती बरी झाली की येऊ. तुम्ही पुलापाशी उभे राहू नका. आईंना सांगून ठेवा, शेंड्याच्या बहिणी जेवायला येताहेत."