जशीच्या तशी

नळाची पहिली धार रिकाम्या बादलीत खणकन पडली आणि घरातली शांतता मोडली. एरवी पाणी आलं की ती धावायची. आज चटईवर तशीच बसून राहिली.

"आई, पाणी!" लेक ओरडली.

"ऐकलं गं. बहिरी नाहीये मी."

आज कोर्टात निकाल होता.

लॉजच्या आणि दवाखान्याच्या चादरी धुऊन पोचवायच्या, हे तिचं काम. नवरा गेल्यावर मागे उरली ती एक छोटी व्हॅन, आणि तिच्यावरच घर चाललं होतं. मग एका रात्री जंगलखात्याच्या नाक्यावर गाडी अडवली गेली. गाठोड्यांखाली चोरटं सागवान निघालं. चालकाने गाडी तिथेच टाकून अंधारात धूम ठोकली.

सकाळी धाकटा दीर आपणहून हजर झाला. "किल्ली मीच नेली, न विचारता. वहिनीला काही माहीत नाही."

तो तुरुंगात गेला आणि गाडी सरकारजमा करायचा हुकूम निघाला. तेव्हापासून ती गाठोडी हातगाडीवर ढकलत होती. दवाखान्याने स्पष्टच सांगितलं होतं, गाडी नसेल तर काम दुसऱ्याला.

"ताडासारखा वाढला, अक्कल मात्र गुडघ्यात," शेजारची मावशी बोटं मोडायची. "वहिनीच्याच तोंडचा घास काढला मेल्याने!"

"जाऊ दे हो मावशी."

दिराला ती एका शब्दाने बोलली नाही. उलट भेटीच्या दिवशी न चुकता तुरुंगात जायची. लोक म्हणायचे, केवढी सोशिक!

लेकीला वेगळाच घोर. गाडीच्या सीटचा खटका गंजलेला. काकाचे लांबलचक पाय मावायचे नाहीत म्हणून तो सीट पार मागे लोटायचा. मग आईचे पाय पोचायचे नाहीत. लेक खाली शिरून दोन्ही हातांनी खटका दाबून धरायची, तेव्हा कुठे आई सीट पुढे ओढायची. "चला कंडक्टर," काका हसायचा, "बुटक्या ड्रायव्हरची वेळ झाली!"

"माझी नोकरी परत मिळेल ना गं?" लेकीने वेणी घालताना विचारलं.

"बघू."

कोर्टात वकीलबाईंनी मुद्दा लावून धरला. गुन्हा मालकिणीला ठाऊक नव्हता, तिने काळजीही घेतली होती, मग शिक्षा तिच्या गाडीला का? सरकारी वकील कुत्सितपणे म्हणाले, "घरातली किल्ली जाते आणि बाईंना पत्ता नाही?"

"दिवसभर धुणं धुणारी बाई झोपेल की किल्लीवर पहारा देईल, साहेब?" वकीलबाई म्हणाल्या. कोर्टात खसखस पिकली. ती खाली मान घालून उभी होती.

दुपारी हुकूम रद्द झाला. गाडी मोकळी!

वकीलबाईंनी तिच्या पाठीवर हात ठेवला तसं तिचं इतका वेळ दाबून ठेवलेलं रडू फुटलं. "दिराला सांगा जाऊन," त्या म्हणाल्या. "त्याच्याही मनावरचं ओझं उतरेल."

जप्तीच्या आवारात गाड्यांची नुसती दाटी. गंजलेल्या ट्रकांच्या आडोशाला तिची व्हॅन धुळीने माखून उभी होती. तिने पदराने काच पुसली, जशी तापातून उठलेल्या पोराचं तोंड पुसावं. उद्या सकाळी दवाखान्यात चादरी वेळेवर पोचणार होत्या.

राखणदाराने दाराचं सील कापलं. "नाक्यावरून क्रेनने ओढत आणली ती थेट इथे. आत कोणी हातसुद्धा लावलेला नाही. पकडली तशीच्या तशी, बघून घ्या बाई."

"थांब आई, बसू नकोस! आधी माझं काम!" लेक तिला ढकलून आत शिरली, खाली वाकली, खटक्यापाशी हात नेला आणि थबकली. तिने सीटकडे पाहिलं, मग आईकडे.

"आई, गाडी काकाने नेली होती ना? मग सीट पुढे कशी?"