उलट्या छत्र्यांचा बार

लग्नाआधी शर्वाणीने सासरी सांगितलं होतं, की बाबांची बेकरी आहे. खरं तर देवळालीत त्यांचा बार होता. छताला उलट्या टांगलेल्या छत्र्या, गल्लीतल्या माणसांची नावं दिलेली कॉकटेल्स आणि बाबांच्या हातचे हॉट डॉग. खोटं उघडं पडेल म्हणून सहा वर्षांत तिने बाबांना घरी बोलावलंच नाही.

बाबा गेल्यावर महिन्याभराने ती एका दुपारी बार उघडायला गेली, तर पायरीवर तिचे सासरे बसले होते.

"आप्पा, तुम्ही इथे?"

"दर गुरुवारी यायचो. तुमच्या लग्नाच्या आधीपासून."

तिला मान वर करवेना. "म्हणजे तुम्हाला सगळं ठाऊक होतं?"

"होतं ना. तुझ्या बाबांना कितीदा म्हटलं, घरी या. पण 'पोरगी ओशाळेल, राहू द्या,' म्हणायचे. मग हॉट डॉग समोर ठेवून एकच विचारायचे, 'ती हसते ना घरात?'"

"तुम्ही काय सांगायचात?"

"हसते, म्हणायचो. तेवढ्यावर त्यांचं भागायचं."

शर्वाणी हातातली किल्ली तशीच धरून त्यांच्या शेजारी बसली. दुपार कलली तरी तिला शटर उघडवेना.