कवायतीच्या बाईंचा नवरा

गादी पुन्हा उन्हात टाकलेली दिसली, तेव्हा थोरलीने चपला काढायच्या आधीच विचारलं, “बाबा, परत?”

बाबांनी मान खाली घातली. झालं खरं, झोपेत कळलंच नाही, असं काहीतरी पुटपुटले.

आई खुर्चीत ताठ बसून होती. ती अशीच बसायची. उभा जन्म शाळेत कवायत शिकवण्यात गेलेला. अजूनही रस्त्यात ती समोर आली की पोक काढून चालणाऱ्या जुन्या विद्यार्थिनी आपोआप सरळ होत. बाबा पेशाने शिंपी. बाईंचा गणवेश तेच शिवायचे, आणि संचलनाच्या दिवशी दुकान बंद करून मैदानाच्या कुंपणाशी उभे राहायचे. “ती सगळ्यांत पुढे चालतेय ना, ती माझी बायको,” हे शेजारच्या अनोळखी माणसालाही सांगून टाकायचे. त्याने विचारलेलं नसायचं, ती गोष्ट वेगळी.

आणि आता त्याच बाबांची ही गत. संध्याकाळी दोघं हातात हात अडकवून फिरायला निघत, तर बाबांचे पाय फरफटत. वळायची वेळ आली की जागच्या जागी घुटमळत राहायचे. आई बिचारी पावलाला पाऊल लावून सोबत असायची. सगळी गल्ली म्हणायची, बायको असावी तर अशी. गॅस उघडा राहिला, बाबा म्हणाले, मी विसरलो. नळ चालू राहून स्वयंपाकघराचं तळं झालं, बाबा म्हणाले, माझाच पराक्रम. शाळेच्या सुवर्णमहोत्सवात माजी विद्यार्थिनींच्या संचलनाला पुढे चालायचं बोलावणं आईला आलं, तेही तिने परतवलं. यांना सोडून कशी येऊ, एवढंच म्हणाली. बाबा त्या दिवशी जेवले नाहीत.

धाकट्याचं मत ठाम होतं. वय झालं, डोकं चालेनासं झालं, आता बाबांसाठी एखादा वृद्धाश्रम बघा, आई माझ्याकडे राहील. वय झालं म्हणायला काय जातं? पुढे काही करावं लागत नाही.

थोरली मात्र इस्पितळात स्कॅनच्या मशीनवर कामाला होती. पाय जमिनीला चिकटणं, लघवीवरचा ताबा जाणं, विसरणं, हे तिन्ही एकत्र तिने आधीही पाहिलं होतं. शेवटी एका रविवारी तिने आईबाबांना पुढ्यात बसवून सगळं नीट समजावलं. मेंदूच्या आत पोकळ्या असतात, त्यांत पाणी असतं. ते सतत तयार होतं आणि सतत शोषलं जातं. हे शोषणं बिघडलं की पोकळ्या फुगतात आणि मेंदूला जाच होतो. गंमत अशी की त्या पाण्याचा दाब मोजला तर बहुधा नेहमीसारखाच निघतो. मग कोणी म्हातारपण म्हणतं, कोणी कंपवात म्हणतं, आणि माणूस तसाच राहून जातो. डॉक्टर आधी चाल बघतात, मग स्कॅन करतात, मग पाठीत सुई घालून थोडं पाणी काढून बघतात. तेवढ्याने पावलं सुटली, तर ऑपरेशनचा उपयोग होईल अशी आशा. डोक्यातून पोटापर्यंत कातडीखालून एक बारीक नळी टाकतात, जास्तीचं पाणी तिथे उतरतं आणि जिरतं.

बाबा सुईत दोरा ओवत ऐकत होते. दोरा पहिल्याच झटक्यात गेला.

“म्हणजे हे वेड नाही?” त्यांनी विचारलं.

“नाही.”

“आणि बरं होतं?”

“सगळ्यांचं सगळंच होत नाही, बाबा. पण चालणं पुष्कळदा सुधारतं. जितकं लवकर, तितकं चांगलं.”

बाबांनी हातातला शर्ट खाली ठेवला. “मग हे आधी का नाही सांगितलंस?” त्यांचा आवाज एकदम चढला, आणि लगेच खाली आला. “उद्याच जाऊ. आईलाही घेऊ.”

थोरली चाटच पडली. डॉक्टरचं नाव काढलं की अंगावर येणारा हा माणूस! पण तिला मनातून फार अभिमान वाटला. एवढ्या लोकांनी पाहिलं आणि आपल्या बापाचा रोग ओळखला आपण. धाकट्याला फोन करून तिने ते ऐकवलंही, जरा जास्तच ठसक्यात.

दुसऱ्या दिवशी इस्पितळाच्या दारात ती चाकाची खुर्ची घेऊन आली. बाबा म्हणाले, तुझ्या आईला बसव, मला ढकलायला तेवढाच आधार. आई चक्क बसली. दोघांची थट्टामस्करी अजून शाबूत आहे, हे पाहून थोरलीला बरं वाटलं. ओळखीच्या परिचारिकेला तिने हसत सांगितलं, हे आमचे बाबा, आणि ही आमची कवायतीची बाई.

डॉक्टरीणबाईंनी बाबांना दारापर्यंत चालून परत यायला सांगितलं. थोरली सावरायला पुढे झाली. बाबांनी तिचा हात हळूच दूर केला.

ते निघाले. आधी टाच, मग चवडा, हात मोकळे. दाराशी पोचून ते मैदानावर वळतात तसे टाचेवर गर्रकन वळले, तसेच परत आले आणि आईच्या खुर्चीपुढे थांबले.

“अगं, वेड नाही म्हणते पोरगी,” ते म्हणाले, आणि त्यांनी कोपर पुढे केलं. आईने ते बाजूला सारलं. खुर्चीचे हात धरून ती एकटी उभी राहिली, मान ताठ केली आणि सगळ्या खोलीला ऐकू जाईल असा हुकूम स्वतःलाच दिला, “पुढे चल!” तिचे पाय जमिनीवरून उचललेच गेले नाहीत.