आत्यांच्या खोलीतलं सामान

"अगं, उंबऱ्यावर आपटू नकोस! मशीन आहे ते, नवरा नव्हे," आत्या आतून ओरडल्या.

शिवणवाली हसली. नवऱ्याने मशीनचं दुसरं टोक उचललं आणि दोघांनी ते कसंबसं आत सरकवलं. खोलीत पाय ठेवायला जागा नव्हती. इस्त्रीवाल्याचा टीव्ही, रंगाऱ्याचा फ्रिज, न्हाव्याची गोल फिरणारी खुर्ची, आणि या सगळ्यांच्या मधोमध आत्यांची खाट.

उद्या सरकारचा तपासनीस यायचा होता. कारखाना बंद पडल्यापासून गल्लीत सगळ्यांच्याच पोटाला चिमटा बसला होता. सरकारने दरमहा मदत द्यायची ठरवली, पण अट घातली. घरात कमाईचं साधन किंवा चैनीची वस्तू दिसली, की अर्ज बाद. न्हाव्याची खुर्ची म्हणे कमाईचं साधन. गेल्या महिन्यात तिच्यावर बसलं असेल तर ते मांजरच.

वस्तू ठेवायच्या कुठे? मदतीचा अर्ज न केलेलं घर गल्लीत एकच होतं.

"सरकारचा तुकडा माझ्या घशाखाली उतरायचा नाही," आत्या सगळ्यांना ऐकवत. "तरुणपणी कपाळ पांढरं झालं तेव्हा कुणापुढे हात पसरला नाही. आता गोवऱ्या मसणात गेल्यावर पसरू होय?"

सामान ठेवून घ्यायलाही त्या सुखासुखी तयार झाल्या नव्हत्या. चार दिवस गल्लीने मिनतवाऱ्या केल्या. "माझी खोली म्हणजे काय धर्मशाळा आहे?" म्हणून त्यांनी न्हाव्याला दोनदा हाकललं. पण शिवणवाली लेकीला कडेवर घेऊन आली आणि आत्यांनी दार उघडलं. आत्यांची जीभ कात्री असली तरी काळीज मऊ आहे, असं गल्लीत सगळेच म्हणत.

"आत्या, जपा हं त्याला," शिवणवाली निघताना म्हणाली. "शाळेच्या गणवेशांचं काम मिळालंय. मशीन आहे म्हणून घर उभं आहे आमचं."

"पदराखाली घेऊन झोपते, मग तर झालं?"

दुसऱ्या दिवशी तपासनीस आला. बारीक, घामेजलेला, डोळे मात्र घारीचे. घरोघरी त्याने कपाटं उघडली, खाटांखाली वाकून पाहिलं. शिवणवालीच्या घरी तो भिंतीपाशी जरा रेंगाळला.

"इथे काय होतं?"

"काही नाही, साहेब. लेक खेळते तिथे."

त्याने वहीत काहीतरी टिपलं आणि पुढे गेला. पण परत जाताना आत्यांच्या उघड्या दारापाशी त्याची पावलं अडली. शिवणवालीने लेकीला जवळ ओढलं.

"आजीबाई, एकट्या राहता ना? मग हे सगळं कुणाचं?"

"माझं," आत्या खाटेवरून न उठता म्हणाल्या. "तुमच्या तीर्थरूपांनी नाही दिलेलं."

"न्हाव्याची खुर्चीसुद्धा?"

"पाठ दुखते माझी. बसते त्यात. बघायचंय बसून?"

मागे जमलेल्या गल्लीत खसखस पिकली. तपासनीस हसला नाही. "असली दुकानं मी खूप पाहिलीत, आजीबाई. शेजाऱ्यांचा माल लपवून ठेवलाय असं निघालं, तर इथल्या एकालाही मदत मिळायची नाही. वर खटला होईल."

"मग मला कशाला विचारता? माझं मेलीचं काय, मी सांगेन काहीही. ते उभे आहेत ना समोर, त्यांना विचारा. एकेकाला पुढे बोलवा आणि सगळ्यांदेखत विचारा!"

काय हिंमत बाईची! शिवणवालीला भरून आलं. साहेबाने न्हाव्याला विचारलं. न्हावी म्हणाला, खुर्ची आत्यांची. इस्त्रीवाला म्हणाला, टीव्ही आत्यांचाच. रंगारी तर म्हणाला की फ्रिज आणला तेव्हा उचलू लागलो होतो. मग साहेब शिवणवालीकडे वळला.

"आणि मशीन?"

"आत्यांचं," ती म्हणाली. आवाज कापला, म्हणून तिने लेकीच्या डोक्यावर हात ठेवला. "हिची शप्पथ, साहेब."

साहेबाने मान हलवली. गल्लीतले सगळे अर्ज मंजूर झाले.

तो नजरेआड होताच न्हाव्याने शिट्टी मारली. इस्त्रीवाल्याच्या बायकोने दारातूनच आत्यांची दृष्ट काढल्यासारखी बोटं मोडली. शिवणवालीने घरी जाऊन लेकीचं तोंड धुतलं, गणवेशांचं कापड बाहेर काढलं, आणि उन्हं कलताना नवऱ्याला घेऊन आत्यांकडे गेली.

आत्या मशीनच्या चाकात तेल सोडत होत्या.

"असू द्या हो, आत्या, मी करते ते घरी. आम्ही न्यायला आलोय."

"काय न्यायला?"

"मशीन."

"कुणाचं?"

शिवणवाली हसली. आत्यांचा स्वभाव तिला ठाऊक होता. "माझं, दुसऱ्या कुणाचं?"

"तुझं असतं तर साहेबासमोर का नाही म्हणालीस? पोटच्या पोरीची शप्पथ घेतलीस ना? खोटी घेतलीस?"

नवरा पुढे सरकला. "आत्या, चेष्टा पुरे. मी उद्या ऑफिसात जाऊन सांगेन."

"आज जा की. काय सांगशील? साहेबाला फसवलं म्हणून? मग मदतीवर पाणी सोड आणि खटल्याला उभा राहा. ती पाठीमागची शहाणी मंडळीही येतील तुझ्या जोडीला."

त्याने मागे वळून पाहिलं. अंगणात न्हावी, इस्त्रीवाला आणि रंगारी माना खाली घालून उभे होते. आपापलं सामान मागायला ते आधीच येऊन गेले होते.

शिवणवाली मटकन खाली बसली. "आत्या, गणवेश द्यायचेत हो. मी काय करू?"

आत्यांनी चाक फिरवून पाहिलं. आवाज न करता ते गरगरलं.

"रडू नकोस, पोरी. मी काही राक्षसीण नाही. इथे बसून शीव खुशाल. भाडं दरमहा द्यायचं. सरकार देणार आहे, तेवढंच."